पांढरीच्या टेकाडावर: आपल्या गावचा जुना पुरावा आपणच कसा नोंदवावा

मृगाचा पहिला जोरदार पाऊस पडून गेला की दुसऱ्या दिवशी सकाळी गावाशेजारच्या टेकाडावर एक चक्कर मारा. वरची धूळ धुऊन गेलेली असते. लाल खापराचा तुकडा, शंखाच्या बांगडीचं अर्धं कडं, एखादा काचमणी, कधी नखाएवढं गारगोटीचं पातं, असं काहीबाही ओल्या मातीत वर आलेलं दिसतं. टेकाडाची माती भोवतालच्या काळ्या रानासारखी नसते, राखट पांढरी असते. पिकाची ती काळी आणि वस्तीची ती पांढरी, हे आपल्याकडे पूर्वापार चालत आलेलं बोलणं आहे. माणसं शेकडो वर्षं एका जागी राहिली, चुली पेटवल्या, राख-शेण टाकलं, मातीच्या भिंती पडल्या आणि त्यावरच नव्या उभ्या राहिल्या, की जमीन पांढरी होत जाते आणि हळूहळू वर चढते.

मी पुरातत्त्वाचा पदवीधर नाही. बारा-तेरा वर्षं सुट्टीच्या दिवशी घोड आणि भीमेच्या खोऱ्यातली गावं पायी हिंडतो, वही भरतो, जाणकारांकडून चुका दुरुस्त करून घेतो. त्या चुकांमधून जे हाती लागलं ते इथे लिहितो आहे. एक गोष्ट आधीच सांगतो. या कामात कुदळ, खुरपं, मेटल डिटेक्टर यातलं काहीही लागत नाही. खणायचं नाही. ते परवान्याचं आणि प्रशिक्षित माणसांचं काम आहे. आपलं काम आहे ते जागेवर आहे तसं बघणं आणि लिहून ठेवणं.

पांढरीत किती काय असू शकतं याची कल्पना यावी म्हणून इनामगावचं उदाहरण घ्या. शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी असलेल्या या जागेवर पुण्याच्या डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ अशी वर्षानुवर्षं खोदाई केली. ह. धी. सांकलिया, म. के. ढवळीकर, झै. दा. अन्सारी ही मंडळी त्यात होती. शंभराहून जास्त घरं उजेडात आली. लहान मुलं गेली की दोन रांजण तोंडाला तोंड लावून घराच्याच जमिनीखाली पुरलेली, मोठ्या माणसांना पुरताना घोट्याखालून पाय तोडलेले. साधारण इ. स. पू. १६०० ते ७०० या काळात तिथे माणसं राहत होती. पाणी वळवायला बांध आणि चारी होती. पुढे पाऊस उणावत गेला तशी शेती आखडली, घरं लहान आणि गोल झाली, माणसं गुरांमागे फिरू लागली. शिरूर-पारनेर पट्ट्यातल्या शेतकऱ्याला हे वाचताना कुठल्याही राजाच्या लढाईपेक्षा जास्त आपलं वाटतं, हा माझा अनुभव आहे.

पहिलं काम: चालण्याआधी विचारा

गावात गेल्या गेल्या देवळाचे फोटो काढत सुटू नका. पारावर बसा, चहा घ्या आणि शेतांची नावं विचारा. गट नंबर नाही, नावं. ‘गढीचं रान’, ‘जुना गाव’, ‘पांढरीचा तुकडा’, ‘कुंभारखाण’, ‘घोड्याचा माळ’, ‘सतीचा मळा’. ही नावं म्हणजे तयार नकाशा आहे. बायकांना वेगळं विचारा. कुठल्या बांधावरच्या दगडाला हळद-कुंकू जातं, कुठल्या दगडाला बाळंतिणीचा नैवेद्य जातो, हे पुरुषांना ठाऊकच नसतं. मला एका आजींनी सांगितलं होतं, “अरे, तो म्हसोबा नाही, माझी सासू त्याला ‘लढाईतला बाबा’ म्हणायची.” शेंदराखाली वीरगळ होता, म्हणजे लढाईत पडलेल्या वीराच्या आठवणीचा कोरीव दगड. गावातले सगळे जाणते पुरुष त्याला म्हसोबा सांगत होते.

मग कागदाकडे वळा. तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात जुना गावनकाशा मिळतो. महसुली यादीत ‘बेचिराख’ असा शेरा असलेली गावं शोधा. नाव आहे, शीव आहे, माणूस एकही नाही, अशी ही गावं. दुष्काळ, साथी, लुटालूट, नदीचं पात्र सरकणं, कारणं नाना. पण शीव आहे म्हणजे कधीकाळी पांढरी होती. जिल्ह्याची इंग्रजी अमदानीतली गॅझेटिअरं इंटरनेटवर फुकट वाचता येतात. त्यातली भाषा साहेबी आहे, पण कुठल्या गावात कुठलं देऊळ, कुठला बाजार, कुठला शिलालेख याच्या नोंदी उपयोगी पडतात. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी जे होतं आणि आज नाही, ते तिथेच कळतं.

दुसरं: चालायचं कसं

हंगाम महत्त्वाचा. उभ्या उसात किंवा ज्वारीत काही दिसत नाही. रब्बी निघाल्यावर नांगरट झालेलं रान किंवा पहिल्या पावसानंतरचे चार दिवस सगळ्यात चांगले. शेतमालकाची परवानगी घ्या, आणि ‘सोनं शोधतोय’ हा संशय येऊ नये म्हणून त्यालाच बरोबर चला म्हणा.

दोन-तीन जण असाल तर दहा-दहा पावलांचं अंतर सोडून सरळ रेषेत चाला, टोकाला जाऊन परत फिरा. जिथे खापरं दाट दिसतात तिथे फोनवरून ठिकाणाचे अक्षांश-रेखांश घ्या. ओढ्याच्या किंवा नदीच्या कापलेल्या काठाकडे मुद्दाम जा. तिथे पाण्याने थर उघडे पाडलेले असतात, कुणी न खणता. तीच गोष्ट माती नेलेल्या खड्ड्यांची. मराठवाड्यात माळवदावर, म्हणजे मातीच्या सपाट छपरावर, टाकायला पांढरीची माती नेण्याची रीत होती आणि त्यापायी कितीतरी टेकाडं अर्धी संपली. धाराशिव जिल्ह्यातलं तेर म्हणजे जुनं तगर. तिथल्या पांढरीतून जुन्या वस्तू सतत वर येत राहिल्या. रामलिंगप्पा लामतुरे या गावातल्याच माणसाने त्या जपल्या नसत्या तर आज त्यांच्या नावाने तेरला जे सरकारी संग्रहालय आहे ते उभंच राहिलं नसतं.

आता माझी चूक. पहिल्या वर्षी मी जिथे जाईन तिथून खापरं उचलून पिशवीत टाकत होतो. चार गावं, सहा टेकाडं, एक पिशवी. ती घेऊन मोठ्या उत्साहाने एका अभ्यासक बाईंकडे गेलो. त्यांनी खापरं टेबलावर पसरली, एक उचलून म्हणाल्या, “हे छान आहे. कुठलं?” मला सांगता आलं नाही. दुसरं उचललं. तेही सांगता आलं नाही. त्यांनी सगळी परत पिशवीत भरली आणि माझ्या हातात दिली. रागावल्या नाहीत, तेच जास्त लागलं.

हा काही हौशी माणसाचाच प्रश्न नाही. १९७४ साली प्रवरेच्या काठच्या दायमाबादला झाडाचं मूळ खणताना एका भिल्ल शेतकऱ्याला ब्राँझच्या चार भरीव वस्तू मिळाल्या: बैलजोडी जुंपलेला रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा. चारही मिळून ६० किलोंहून जास्त वजन. एकट्या रथाची लांबी ४५ सेंटीमीटर. इतका अप्रतिम ऐवज, पण तो नेमका कोणत्या काळातला यावर अभ्यासकांचं आजही एकमत नाही. काहींना तो उत्तर-हडप्पा काळातला वाटतो, काहींना धातूच्या परीक्षणावरून बराच अलीकडचा. कारण साधं आहे. वस्तू पद्धतशीर उत्खननात, थरासकट सापडल्या नाहीत. शेतकऱ्याचा दोष काही नाही, त्याला ठाऊक असायचं कारण नव्हतं. आपल्याला आता ठाऊक आहे.

तिसरं: खापर ओळखणं, पण बेताने

खापरावरून काळ सांगणं ही वर्षानुवर्षांच्या सरावाची गोष्ट आहे. तरी चार ठोकळ खुणा लक्षात ठेवता येतात. नारिंगी-लाल पृष्ठभागावर काळ्या रंगाच्या रेघा, आवाज खणखणीत, लांब तोटीची भांडी आणि मध्ये धार असलेले वाडगे: हे जोर्वे घाटणीचं, म्हणजे तीन हजार वर्षांपलीकडचं. जोर्वे हे संगमनेर तालुक्यातलं गाव, १९५०-५१ साली तिथे खोदाई झाली आणि भांड्यांना गावाचं नाव मिळालं. आतून काळं, काठाकडे काळं आणि बाहेरून खाली लाल असलं तर लोहयुग किंवा सातवाहन काळाकडे बघा. विदर्भातल्या शिळावर्तुळांमध्येही, म्हणजे भोवती दगड गोल मांडलेल्या जुन्या दफनांमध्येही, ही भांडी सापडतात. नागपूरजवळच्या जुनापाणीला अशी सुमारे ३०० वर्तुळं आहेत. रंगीबेरंगी काचेच्या बांगड्या बहुधा मध्ययुगातल्या. निळ्या नक्षीची पांढरी चिनी माती दिसली तर आणखी अलीकडे या.

वहीत मात्र ‘सातवाहन’ असं लिहू नका. ‘आतून काळं, बाहेरून लाल, जाडी अमुक’ असं लिहा. नाव जाणकार देतील.

चौथं: बांधावरचे दगड

खरं सांगायचं तर गावाला सगळ्यात लवकर आपलंसं वाटतं ते याच कामात, म्हणून इथे जरा थांबतो.

*वीरगळ* बहुतेक खालून वर वाचायचा असतो. तळाच्या चौकटीत लढाई किंवा पडलेला वीर. मधल्या चौकटीत अप्सरा त्याला वर नेताहेत. वरच्या चौकटीत तो शिवलिंगाची पूजा करतो आहे. माथ्यावर कलश, बाजूला सूर्य-चंद्र: जोवर ते आहेत तोवर ही कीर्ती. तळाशी गाईगुरं कोरलेली असतील तर गुरं पळवणाऱ्यांशी झालेल्या झगड्यात माणूस पडला असं समजायचं. हे फार महत्त्वाचं आहे. कारण ग्रंथांमधल्या लढाया राजांच्या, आणि ही लढाई गावाच्या गुरांसाठीची. मुंबईत बोरिवलीच्या एकसरला जे वीरगळ आहेत त्यांत चक्क गलबतांची लढाई आहे. गावागणिक जे कोरलंय ते त्या मुलखाचं जगणं असतं.

*सतीशिळेवर* कोपरात वाकवलेला, बांगड्या भरलेला हात असतो. बऱ्याचदा वीरगळाच्या शेजारीच.

*गधेगाळ* हा प्रकार अवघडल्यासारखं करतो. वर सूर्य-चंद्र, मध्ये दानाचा लेख, खाली गाढव आणि बाई. जो हे दान मोडील त्याच्या आईवर ही शिवी, असा सरळ अर्थ. शिलाहार राजांच्या काळापासून कोकणात हे विशेष दिसतात. गावकऱ्यांना अर्थ कळला की कधीकधी दगड लपवायची इच्छा होते. तेव्हा हे सांगावं की ती शिवी गावाला नाही, जमीन बळकावणाऱ्याला आहे. एकदा अशा दगडाशेजारी एक आजोबा हसत म्हणाले होते, “म्हणजे तेव्हाबी अतिक्रमण व्हतंच की!”

आता ‘हा कुणाचा पूर्वज’ हा प्रश्न हमखास येतो. प्रत्येक भावकीला वीरगळ आपला हवा असतो. बहुतेक वीरगळांवर नाव नसतं. जिथे लेख नाही तिथे आडनाव चिकटवू नका, कितीही आग्रह झाला आणि जेवणाचं ताट कितीही भरलेलं असलं तरी. तुम्ही एकदा एका भावकीच्या बाजूने लिहिलंत की अर्धं गाव तुमच्याशी बोलायचं थांबतं, आणि पुरावा तर तुमच्याकडे नसतोच.

शेंदूर खरवडू नये. दगडही जातो आणि माणसंही दुखावतात. तारेचा ब्रश, अ‍ॅसिड, ऑइलपेंट, चुना, सगळं वर्ज्य. आमच्या भागातल्या एका देवळाच्या जीर्णोद्धारात चांगल्या भावनेने सात वीरगळ भिंतीला टेकवून सिमेंटमध्ये पक्के बसवले, खाली फरशी केली. तळाची चौकट फरशीखाली गेली. सातपैकी एकावर तिथेच दोन ओळींचा लेख होता. माझ्याकडे त्याचा एक तिरका, हललेला फोटो आहे. तेवढाच आता पुरावा.

पाचवं: लेखाचा फोटो आणि वर्षाचं गणित

दुपारच्या डोक्यावरच्या उन्हात अक्षर दिसत नाही. सकाळी सातच्या सुमारास किंवा मावळतीला, उजेड बाजूने येतो तेव्हा फोटो काढा. त्याहून चांगलं म्हणजे रात्री जाऊन विजेरी दगडाला जवळजवळ चिकटवून आडवा प्रकाश टाकायचा. पुसट अक्षरं अशी उठून येतात की अंगावर काटा येतो. विजेरीची बाजू बदलत सात-आठ फोटो घ्या. कॅमेरा दगडासमोर सरळ, शेजारी पट्टी. अक्षरांत खडू, पीठ, हळद भरू नका. भरणारा आपल्याला वाटेल तेच अक्षर भरतो आणि पुढच्या वाचकाची दिशाभूल होते. ओल्या कागदावर ठसा घेण्याचं काम शिकलेल्या माणसाकडूनच करून घ्यावं.

लेखात शक दिसला तर ७८ मिळवा. पौषाच्या मध्यापासून फाल्गुनापर्यंतची मिती असेल तर ७९. सोलापूर जिल्ह्यात भीमा-सीनेच्या संगमावर हत्तरसंग कुडलचा मराठी लेख शके ९४० चा, म्हणजे १०१८ चा. त्याच्या शेवटी ‘वाछि तो विजेया होइवा’ असं आहे, जो वाचील तो विजयी होईल. अलिबागजवळच्या अक्षीचा लेख शके ९३४ चा, म्हणजे १०१२ चा. शिवकाळ-पेशवाईतल्या कागदांत शुहूर सन असेल तर ५९९ किंवा ६००, आणि फसली असेल तर ५९० किंवा ५९१ मिळवायचे. संवत्सराचं नाव दिलेलं असेल तर ते शकाशी जुळतं का बघा. जुळलं नाही तर बहुधा आपण आकडा चुकीचा वाचलेला असतो, कोरणारा नव्हे.

सहावं: वही

मोबाइलवर अ‍ॅप वापरा, पण कागदाची वही ठेवाच. माझ्या वहीतली एक नोंद देतो:

‘नोंद ४१. वीरगळ. मारुतीच्या देवळासमोर, पाराच्या उत्तर बाजूला, चिंचेच्या बुंध्याला टेकवलेला. तोंड पूर्वेला. बेसाल्ट. उंची जमिनीवर ९४ सेंमी, रुंदी ४१, जाडी १८. तीन चौकटी दिसतात, तळाची अर्धी मातीत. डाव्या कडेला तडा. शेंदूर फक्त वरच्या चौकटीवर. स्थानिक नाव: बाबा. दर अमावास्येला नारळ. सांगणारे म्हणतात, तीस वर्षांपूर्वी ओढ्यातून इथे आणला. फोटो १२ ते १९.’

शेवटून दुसऱ्या वाक्याकडे बघा. दगड हललेला आहे. हे लिहिलं नसतं तर पुढचा अभ्यासक पाराभोवती लढाईची जागा शोधत बसला असता.

सातवं: वस्तू सापडली तर

कायदा थोडक्यात. जमिनीत पुरलेलं, दहा रुपयांहून अधिक किमतीचं काहीही सापडलं तर १८७८ च्या निखात निधी अधिनियमाप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांना कळवणं बंधनकारक आहे. १९७२ च्या कायद्याप्रमाणे शंभर वर्षांहून जुनी मूर्ती, नाणं, शिल्प ही पुरावस्तू ठरते, हस्तलिखिताला ही मर्यादा ७५ वर्षांची. ती देशाबाहेर नेता येत नाही आणि विक्रीला परवाना लागतो. केंद्र संरक्षित स्मारकापासून १०० मीटरपर्यंत नवं बांधकाम बंद, त्यापुढच्या आणखी २०० मीटरमध्ये परवानगीने. स्मारक केंद्राकडे असेल तर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण, राज्याकडे असेल तर पुरातत्त्व व वस्तुसंग्रहालये संचालनालय. अर्ज लेखी द्या आणि पोच घ्या. तोंडी सांगितलेलं पुढच्या बदलीबरोबर जातं.

गुप्तधनवाल्यांचं मात्र भान ठेवा. नंदीखाली, पिंडीखाली हंडा असतो या समजापायी कितीतरी देवळांची तोडफोड झाली आहे. म्हणून आडरानातल्या एकाकी मूर्तीचं नेमकं ठिकाण फेसबुकवर टाकू नका. जाणकारांना द्या, ग्रामपंचायतीला द्या, बाकीच्यांना गावाचं नाव पुरे.

आठवं: गावाला परत द्या

हे राहिलं तर आधीचं सगळं आपल्या कपाटात जातं. नोंदींची यादी मराठीत, मोठ्या अक्षरांत, फोटोंसह छापा आणि ग्रामसभेत वाचा. ग्रामपंचायतीच्या दप्तरात एक प्रत, शाळेत एक प्रत. रस्ता रुंद व्हायचा असेल, देवळाचा जीर्णोद्धार ठरत असेल तेव्हा ही यादी कुणाच्या तरी हातात असली पाहिजे. दगड हलवणं भागच असेल तर आधी मोजमाप आणि दिशा लिहा, मग चौथऱ्यावर सुटा उभा करा, वर पत्रा टाका, सिमेंट लावू नका. बारव असेल तर तिचं काम आणखी सोपं, कारण पाणी सगळ्यांना कळतं. फक्त गाळ जेसीबीने काढू नका आणि चिऱ्यांत घुसलेली मुळं ओढू नका, छाटा. ओढलं की चिराच येतो.

कोकणातल्या कातळशिल्पांकडे बघा. जांभ्याच्या सड्यावर, म्हणजे उघड्या खडकाळ पठारावर, कोरलेले हत्ती, मासे, माणसं गुराख्यांनी पिढ्यान्‌पिढ्या पाहिलेली होती. रत्नागिरीचे सुधीर रिसबूड, धनंजय मराठे आणि त्यांचे सोबती सडे पालथे घालत, वाडीवाडीत विचारत हिंडले, आणि एकामागून एक ठिकाणं पुढे आली. २०२२ साली महाराष्ट्रातली आठ आणि गोव्यातलं एक अशी नऊ ठिकाणं युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली. सुरुवात मात्र ‘तुमच्या सड्यावर काही कोरलेलं आहे का हो?’ या प्रश्नाने झालेली.

आमच्याकडे एवढं मोठं काही झालेलं नाही. गेल्या उन्हाळ्यात एका शेतकऱ्याचा फोन आला. “दादा, विहिरीच्या खोदाईत राखेचा पट्टा लागलाय. जेसीबी थांबवलाय. येताय का?” त्याच्या मुलाने शाळेत आमची यादी वाचलेली होती. आम्ही तासाभरात पोचलो. कापलेल्या भिंतीत वर नांगराची माती, खाली पांढरी, मग बोटभर राख, त्याखाली चोपलेल्या मुरुमाची जमीन, तिच्याखाली पुन्हा काळी. शेतकऱ्याने टेपचं वरचं टोक धरलं, मुलाने आकडे लिहिले, मी फोटो काढले. जाणकारांना तिथूनच फोटो पाठवले. दोन तासांनी जेसीबी पुन्हा सुरू झाला.